पत्राची शेवटची ओळ

आमच्या भागाच्या खासदारबाईंच्या नावाने मी अकरा वर्षं पत्रं लिहिली. त्यातलं एकही माझं स्वतःचं नव्हतं, आणि जे एक माझं होतं ते लिहायची मला परवानगी नव्हती. ऐकायला हे जरा घोटून काढलेलं वाक्य वाटेल, पण माझा सगळा राग एवढ्यातच मावतो, म्हणून आधीच सांगून मोकळी होते.

इथे सिंगापूरला पद्धत अशी आहे. प्रत्येक खासदाराने आठवड्यातून एक संध्याकाळ आपल्या भागातल्या लोकांना भेटायचं. भेटायची जागा म्हणजे एखाद्या ब्लॉकच्या, म्हणजे इमारतीच्या, तळमजल्यावरची मोकळी जागा, तिला सगळे व्हॉइड डेक म्हणतात. प्लॅस्टिकच्या खुर्च्या, टोकन नंबर, दोन पंखे आणि डासांचा फवारा. लोक येतात ते आपली अडचण घेऊन. घराचं भाडं थकलंय, पार्किंगचा दंड माफ करा, मुलीला जवळची शाळा द्या, बायकोचा इथे राहण्याचा पास नाकारलाय. आमच्यासारखा स्वयंसेवक समोर बसून सगळं ऐकून घेतो आणि त्या त्या खात्याच्या नावाने पत्र टाइप करतो. मग खासदार ते वाचतात, माणसाशी दोन मिनिटं बोलतात आणि सही करतात. आमच्याकडे हा बाजार सोमवारी भरायचा.

पत्रातला मजकूर साधारण ठरलेला असायचा. फरक असायचा तो शेवटच्या ओळीत. आमच्याकडे तीन ओळी होत्या. पहिली, ‘आपल्या योग्य त्या विचारासाठी पाठवत आहे.’ म्हणजे माणूस आला होता, आम्ही पत्र लिहिलं, पुढे तुमचं तुम्ही बघा. दुसरी, ‘सहानुभूतीने विचार झाल्यास आभारी राहीन.’ म्हणजे माणूस खरोखर अडलेला आहे. तिसरी ओळ होती, ‘मी या कुटुंबाला स्वतः ओळखते.’ ही ओळ बाईंना विचारल्याशिवाय टाइप करायची नाही असा नियम होता. पलीकडच्या कार्यालयात बसलेल्या माणसाला आमची ही भाषा कळत होती की नाही, देव जाणे. पण तिसऱ्या ओळीच्या पत्रांवर निदान कोणीतरी उलट फोन करून चौकशी करायचं, हे मी डोळ्यांनी पाहिलेलं आहे.

मी मूळची चिंचवडची. नवऱ्याच्या पासवर डिपेंडंट म्हणून आले तेव्हा आम्ही बुओना व्हिस्टाला कंपनीने घेऊन दिलेल्या काँडोत, म्हणजे खासगी सोसायटीत, राहायचो. पुढे पीआर, म्हणजे कायमचे रहिवासी झालो, मग नागरिक. भारताचा पासपोर्ट परत दिला त्या दिवशी मला रडू आलं नाही. आई तिकडे चिंचवडला रडली. तोआ पायोहमध्ये जुना फ्लॅट घेतला, मुलगा इथल्या शाळेत जायला लागला, मी एका छोट्या कंपनीत अकाउंट्स बघायला लागले. नागरिक झालोय तर आपणही काहीतरी केलं पाहिजे, असं तेव्हा मला फार वाटायचं. नवी सून पहिल्या सणाला उगाच चार कामं जास्त करते, तसं माझं झालं होतं. लिफ्टमधला ‘स्वयंसेवक हवेत’ असा कागद वाचून एका सोमवारी मी खाली उतरले आणि ‘मला टाइपिंग येतं’ असं सांगितलं.

बाई तेव्हा नुकत्याच निवडून आल्या होत्या. तामिळ घरातल्या, पेशाने वकील. आजोबा बोटीवरची पोती उचलायला आले होते, वडील शाळेत शिपाई होते, हे त्या पहिल्या भेटीतच सांगायच्या. आमच्या मतदारसंघात उमेदवार एकेकटे उभे राहत नाहीत, गटाने राहतात, आणि त्या गटात एक तरी माणूस अल्पसंख्य समाजातला असावाच लागतो. त्या जागेवर बाई आल्या होत्या. फलकावर पक्षाच्या पांढऱ्या शर्टातले पुरुष आणि कडेला साडीतल्या बाई. उभं राहायच्या आधी त्यांना एका समितीकडून आपण अल्पसंख्य समाजातल्या असल्याचा दाखला घ्यावा लागला होता. “तीन पिढ्या झाल्या, रस्त्यावर प्रत्येक जण मला इंडियन म्हणूनच बघतो. त्याचाही दाखला लागतो, बोल!” असं म्हणून त्या खदखदून हसायच्या. ते हसणं मला आवडलं. अशा बाईसाठी राबायला मला आनंद वाटला, आणि हे आजही खोटं नाही.

पहिल्या खेपेला बाई भांडायच्या. संसदेतलं त्यांचं एक भाषण होतं, नोकरी सोडून म्हाताऱ्या आईवडिलांना सांभाळणाऱ्या मुलींबद्दल. त्यातली उदाहरणं माझ्या सोमवारच्या टेबलावरची होती, नावं काढून मी ती नीट लिहून दिली होती. भाषण झाल्यावर त्यांनी मला मेसेज केला, ‘हे भाषण आपल्या दोघींचं.’ मी तो नवऱ्याला दाखवला, आईला फोनवर वाचून दाखवला. आईने विचारलं, “म्हणजे तूच खासदार झालीस का आता?” मी म्हटलं, “नाही गं, मी कारकून.” पण मनातून मला खासदार झाल्यासारखंच वाटत होतं.

दुसऱ्या खेपेला बाई शहाण्या झाल्या. मॅंडरिनमधली वीस-पंचवीस वाक्यं पाठ केली, होक्येन ही चिनी बोलीही थोडी शिकल्या. हॉकर सेंटरमध्ये, खाण्याच्या गाळ्यांवर, फेरी असली की चिनी आजोबांच्या टेबलाशी बसून कॉफी घ्यायच्या, गप्पा मारायच्या, आणि पराठेवाल्या भारतीय माणसाला लांबूनच नमस्कार करून पुढे जायच्या. त्याचा चेहरा पडायचा. मी एकदा तसं म्हटलं, तर म्हणाल्या, “तो मला मत देणारच आहे. आणि मी तिथे जास्त वेळ बसले तर लोक मोजतात.” कोण लोक, ते मी विचारलं नाही. लोक मोजत होते हे खरंच होतं. इंटरनेटवर कोणीतरी लिहिलं होतं, की या खासदाराच्या सोमवारी इंडियन लोकांचे नंबर आधी लागतात. साफ खोटं. नंबर मशीन द्यायचं.

त्या आठवड्यात बाईंनी मला बाजूला घेतलं. म्हणाल्या, “तू आणि मी, आपण आपल्या लोकांना एक पायरी खाली ठेवायचं. मग कोणी बोट दाखवणार नाही.” मला ते पटलं. नुसतं पटलं नाही, आपण किती नि:स्पृह आहोत या कल्पनेने माझी छाती फुगली. अकाउंट्सची सवय, कोणतीही गोष्ट कागदावर आणल्याशिवाय चैन पडत नाही. स्वयंसेवकांसाठी सूचनांचा एक कागद मीच तयार केलेला होता, त्यात मी आपणहून एक कलम वाढवलं. ओळखीच्या किंवा आपल्या समाजाच्या अर्जदारांच्या बाबतीत पक्षपाताचा भास टाळण्यासाठी पहिली ओळ वापरावी. बाईंनी वाचलं आणि म्हणाल्या, “फार छान शब्दांत मांडलंस.” तो कागद लॅमिनेट करून टेबलाच्या काचेखाली ठेवला.

त्या कलमाचा पहिला फटका बसला तो एका मराठी मुलाला. मुलगा म्हणजे तिशीतला इंजिनियर, एम्प्लॉयमेंट पासवर आलेला, आमच्याच ब्लॉकच्या मागे भाड्याने राहायचा. बायकोचं ऑपरेशन झालं होतं, घरात सहा महिन्यांचं बाळ, आणि मदतीला आलेल्या आईच्या राहण्याची मुदत संपत आली होती. माझं मंगळसूत्र बघून त्याचा चेहरा एकदम उजळला. “ताई, तुम्ही मराठी का?” त्याने विचारलं. मी इंग्रजीत उत्तर दिलं, “तुमची अडचण काय आहे?” तो क्षणभर गोंधळला, मग त्यानेही इंग्रजीत सांगायला सुरुवात केली. बायकोच्या टाक्यांबद्दल सांगताना त्याला शब्द सापडेनात, तो मध्येच मराठीत घसरायचा, आणि मी तोंडावरची सुरकुती न हलवता टाइप करत राहायचे. शेवटी पहिली ओळ टाकली. जाताना तो “थँक यू, मॅडम” म्हणाला. तो ताईवरून मॅडमवर आला हे मला लागलं होतं, पण तेव्हा मी त्याला कामातली शिस्त समजले. त्याच्या आईला मुदत वाढवून मिळाली नाही. तो पुन्हा आमच्याकडे आला नाही.

आता आईबद्दल. वडील गेल्यापासून आई चिंचवडच्या फ्लॅटमध्ये एकटी होती, आणि मी एकुलती एक. ती वर्षातून एकदा महिनाभराच्या पासवर यायची. तिला इथे करमायचं नाही असं मला वाटलं होतं, पण तिने मलाच खोटं पाडलं. सकाळी भाजीबाजारात एकटी जायची, मेथी नसली तर इथली कसली तरी हिरवी भाजी उचलून आणायची आणि लसणाची फोडणी देऊन मेथी म्हणून खपवायची. भाजीवाल्या चिनी बाईशी मराठीत घासाघीस करायची. ती बाई तिच्या भाषेत ओरडायची, ही हिच्या, आणि शेवटी दोघी हसायच्या. मुलगा म्हणायचा, “आजी सो पॉप्युलर लाह, मोअर दॅन यू.”

एका दिवाळीला ती इथे होती. ब्लॉकखालच्या दिवाळीच्या कार्यक्रमासाठी तिने दोन दिवस बसून करंज्या केल्या. बाई आल्या, करंजी खाल्ली, दुसरी मागून घेतली, आणि फोटोवाल्यांसमोर वाकून आईच्या पाया पडल्या. आईने त्यांच्या गालावरून हात फिरवून कडाकडा बोटं मोडली. तो फोटो आमच्या भागाच्या बातमीपत्रात आला आणि प्रत्येक घराच्या टपालपेटीत पडला. खाली लिहिलं होतं, एका रहिवाशाच्या आईचा आशीर्वाद घेताना. त्यानंतर आई जेव्हा जेव्हा आली तेव्हा बाईंसाठी डब्यात काहीतरी असायचंच. कोथिंबीर वडी बाईंना फार आवडायची. रिकामा डबा परत देताना त्या म्हणायच्या, “तुझी आई ती माझीही आई.” मी ते खरं मानलं.

पुढे आईचे गुडघे गेले. मग एकदा चक्कर येऊन ती बाथरूममध्ये पडली आणि कामवाली येईपर्यंत तशीच पडून राहिली. डॉक्टर म्हणाले, आता एकटीला ठेवू नका आणि दर वर्षी विमानाच्या खेपाही नकोत. मुलगा तेव्हा नॅशनल सर्व्हिसमध्ये, म्हणजे सक्तीच्या लष्करी सेवेत, नवऱ्याच्या नोकरीवर टांगती तलवार, मी तिकडे जाऊन राहणं शक्य नव्हतं. उरला एकच उपाय, तिला इथे लांब मुदतीचा पास मिळवायचा. नागरिक म्हणून मी अर्ज केला. एका ओळीचं उत्तर आलं, अर्ज मान्य करता येत नाही. कारण दिलेलं नव्हतं. अशी उत्तरं हातात घेऊन माझ्यासमोर लोक अकरा वर्षं बसत होते आणि मी त्यांना म्हणत होते, काळजी करू नका, आपण अपील करू. आता मला कोणी तसं म्हणायची पाळी आली.

मुलगा म्हणाला, “आई, जस्ट आस्क हर लाह. यू सी हर एव्हरी मंडे.” त्याचं बरोबर होतं. बाईंच्या टेबलाशी जाऊन, माझं एक काम आहे, असं म्हणायला मला अर्धं मिनिट लागलं असतं. पण माझ्या अंगात माझा कागद भिनलेला. मी त्या सोमवारी सुट्टी घेतली, मशीनमधून टोकन काढलं आणि इतर लोकांसारखी खुर्चीवर जाऊन बसले. ओळखीचे स्वयंसेवक बघत होते. मला वाटलं, हे बघून बाईंना कळेल की ही बाई किती सरळ आहे. माणूस स्वतःच्या सरळपणावर किती खूश असतो, आणि नेमकं तिथेच त्याला कसं गाठतात, हे मला त्या दिवशी कळायचं होतं.

माझं पत्र लिहायला बसली ती आमच्यातली सगळ्यांत जुनी स्वयंसेविका, निवृत्त चिनी शाळामास्तरीण. आम्ही सगळे तिला आंटी म्हणायचो. तिने सगळं लिहून घेतलं, आणि न विचारता शेवटी तिसरी ओळ टाकली. मी म्हटलं, “आंटी, पहिली टाका. नियम आहे.” आंटी माझ्यावर डाफरली. “नियम, नियम! तिने तुझ्या आईचं खाल्लंय की नाही? पेपरात फोटो आलाय की नाही? मग ओळखते असं लिहायला काय झालं?” खरं सांगायचं तर मला ती ओळ हवी होती. नको म्हटलं ते तोंडाने.

बाईंचं टेबल पलीकडेच होतं, मध्ये फक्त एक पांढरा पडदा, आणि तोही पंख्याने उडत होता. मी बघत होते. बाईंनी पत्र वाचलं. शेवटी आल्यावर त्यांनी मान वर करून आंटीकडे पाहिलं, मग पेन उचललं आणि तिसऱ्या ओळीवर एक रेघ मारली. घाईने नाही, पट्टी धरल्यासारखी सरळ. वर बारीक अक्षरात काहीतरी लिहिलं. आंटी पत्र घेऊन परत कॉम्प्युटरशी आली, तिने ती ओळ काढून पहिली टाकली, पुन्हा छापलं. ती माझ्याकडे बघेना. छापायच्या मशीनचा आवाज मी वर्षानुवर्षं ऐकत आले होते, पण त्या दिवशी तो संपता संपेना.

माझा नंबर आला. बाई उठून उभ्या राहिल्या, माझे दोन्ही हात हातात घेतले आणि म्हणाल्या, “तू रांगेत बसलीस. मला तुझा किती अभिमान वाटला, काय सांगू.”

मी म्हटलं, “तुम्ही आईला ओळखता.”

“ओळखते ना. म्हणूनच तर.” त्यांनी आवाज खाली आणला. “तूच लिहिलंयस ते. पक्षपाताचा भास. आणि येत्या काही महिन्यांत... तुला माहितीये.”

मला माहीत होतं. सगळ्यांनाच माहीत होतं. मंत्रिमंडळात बदल होणार होता आणि बाईंचं नाव राज्यमंत्रिपदासाठी घेतलं जात होतं. तेव्हा इंटरनेटवर पुन्हा इंडियन लोकांच्या नावाने शिमगा चालला होता, यांच्या कंपन्या, यांच्या नोकऱ्या, आता यांचे आईबापही येणार. बाईंना आपल्या सहीचं असं एकही पत्र नको होतं, की जे उद्या कोणी बाहेर काढून नाचवेल. मी समजू शकत होते. तेच तर वाईट होतं, की मी अगदी नीट समजू शकत होते. संतापाने माझे कान गरम झाले होते, आणि तोंडातून जे निघालं ते “हो, बरोबर आहे तुमचं” एवढंच. बाईंनी सही केली. पुढचा नंबर पुकारला गेला.

तिसऱ्या ओळीने आईला पास मिळाला असता असं माझं म्हणणं नाही. कदाचित तेच उत्तर आलं असतं. पण ती ओळ खरी होती. अकरा वर्षांत मी ज्या कुटुंबांसाठी ती टाइप केली त्यातल्या निम्म्यांना बाईंनी तोवर एकदाही पाहिलेलं नव्हतं. खोटी होती तेव्हा ती चालली, आणि खरी झाली तेव्हा तिच्यावर रेघ बसली. हे मला अजून पचलेलं नाही.

अपील फेटाळलं गेलं. पुढच्या सोमवारी मी आंटीकडे कागदपत्रांच्या कपाटाची किल्ली दिली, काम सोडलं आणि घरी आले. बाईंनी फोनवर हात जोडल्याचं चित्र पाठवलं, शब्द एकही नाही.

बाईंचं पुढे काय झालं ते इथेच सांगून टाकते. राज्यमंत्रिपद मिळालं नाही. ते दुसऱ्याच एका तरुण डॉक्टरला मिळालं. नंतरच्या निवडणुकीत फलकांवर पांढऱ्या शर्टांच्या कडेला नवीनच एक साडी होती, आणि बाईंनी नव्या पिढीसाठी जागा मोकळी केल्याचं छापून आलं. तीन खेपांची खासदारकी, त्यातल्या दोन खेपा आपण कोणाच्या नाही आहोत हे दाखवण्यात गेल्या, आणि शेवटी जागा गेली ती नव्या इंडियन बाईला देण्यासाठीच. बसवलं होतं ज्या दाखल्यावर, उठवलंही त्याच दाखल्यावर. परवा त्या मला भाजीबाजारात दिसल्या, हातात पिशवी, एकट्या. कोणी त्यांच्याकडे वळून पाहत नव्हतं. मी टोमॅटोच्या गाड्याआड झाले. मला त्यांची दया आली, आणि दया आली म्हणून स्वतःचाच राग आला.

पण आईचं हे त्याच्या आधीचं. अपील फेटाळल्यावर तिला चिंचवडजवळच्या एका वृद्धाश्रमात ठेवलं. जागा चांगली होती, माणसं प्रेमळ होती, असं मी सगळ्यांना सांगायचे. आईने चिंचवडच्या घरातून सोबत फार काही नेलं नाही. देवातला बाळकृष्ण, वडिलांचं घड्याळ, आणि तो बातमीपत्रातला फोटो. तिने तो फ्रेम करून घेतला होता. पलंगाशेजारी ठेवून येणाऱ्या-जाणाऱ्याला सांगायची, “या सिंगापूरच्या खासदारबाई. माझ्या मुलीच्या जवळच्या. त्यांनी पत्र दिलंय, आता पास येईलच.” पत्रात काय होतं हे मी तिला कधी सांगितलं नाही. अपील नाकारलं गेलं हेसुद्धा, वेळ लागतोय, असं गोल गोल करून सांगितलं होतं. फोनवर ती विचारायची, “खासदारबाईंना वडी पाठवू का गं कोणाबरोबर? आठवण राहील त्यांना.” मी म्हणायचे, “नको गं, त्यांना सगळं आठवतंय.”

पावसाळ्याच्या शेवटी तिला न्यूमोनिया झाला. मी मिळेल ते विमान पकडलं. मुंबईहून टॅक्सीने जाताना खंडाळ्याच्या अलीकडे आश्रमाचा फोन आला. मी पोचले तेव्हा तिला आंघोळ घालून, नवं नऊवारी नेसवून ठेवलं होतं. शेजारच्या पलंगावरच्या आजी मला म्हणाल्या, “परवापर्यंत म्हणत होती, पास आला की मी जाणार.” ती फ्रेम मी कपड्यांच्या पिशवीत उलटी घालून आणली. अजून ती उघडलेली नाही.

परत आल्यावर तोआ पायोहच्या घरी टपालपेटीत एक जाड पांढरं पाकीट होतं. आंटीने कळवलं असणार. भागातल्या कोणाच्याही घरात मृत्यू झाला की खासदारांच्या कार्यालयातून सांत्वनाचं पत्र जातं, ही आमचीच पद्धत. बाई तेव्हा अजून खासदार होत्या. मी उभ्या उभ्याच पाकीट फोडलं. पहिलं वाक्य वाचलं आणि पुढचं मला पाठ होतं. दुसरं वाचलं, तेही पाठ होतं. ते पत्र मी लिहिलेलं होतं. पहिल्याच वर्षी, एका शनिवारी दुपारी, मजकूर जरा उबदार असावा म्हणून तीनदा बदलून. माझ्या जागी आलेल्या कोणीतरी त्यात आईचं नाव घातलं होतं आणि पुढे सरकवलं होतं.

नवरा आतून विचारत होता, कोणाचं पत्र आहे. मी दारातच चपलांच्या मांडणीवर बसले आणि पान उलटलं. खाली निळ्या शाईत बाईंची ठळक सही होती, आणि सहीच्या वर शेवटची ओळ होती, ‘मी आपल्या कुटुंबाला स्वतः ओळखते.’ या पत्रात ती ओळ टाकण्यासाठी बाईंना विचारावं लागत नसे. सांत्वनाच्या पत्रावरून पुढे कोणी काही मागत नाही, म्हणून ती सगळ्यांनाच जाऊ दे, हेही माझंच डोकं होतं.